मुलांच्या पुस्तकातल्या पादण्याला घाबरू नका

पुण्यातले मराठी बालपुस्तकांचे प्रकाशक आणि संपादक, तसंच शाळांच्या ग्रंथालयांसाठी पुस्तकं निवडणारे शिक्षक आणि पालक, यांना सप्रेम नमस्कार.

पाद, शेंबूड, ढेकर, उलटी, कानातला मळ, गू. ज्यांचं नुसतं नाव निघालं तरी मुलांना हसू आवरत नाही अशा या गोष्टींना मराठी बालपुस्तकांत मोकळेपणाने जागा द्या, एवढं मागायला हे पत्र लिहिते आहे. जी मुलं आत्ता कुठे अक्षरं जुळवून वाचू लागली आहेत आणि जी पुस्तक दिसलं की तोंड फिरवतात, त्यांच्या पुस्तकांत तर हमखास द्या. आणि ही जागा चांगल्या लेखकाला, चांगल्या चित्रकाराला द्या.

पर्वतीच्या पायथ्याशी असलेल्या वस्त्यांमधल्या मुलांबरोबर मी काही वर्षांपासून वाचनाचे तास घेते, काही शाळेत, काही वस्तीतल्या समाजमंदिरात. गेल्या जूनमध्ये आम्ही एका शाळेला ग्रंथालयासाठी पुस्तकांची पेटी दिली. थोड्याच दिवसांत त्यातली काही पुस्तकं परत आली. एका पुस्तकात म्हशीच्या शेणावरून घसरून पाटील धपकन पडतात असं चित्र होतं. त्या पानाला चिठ्ठी लावलेली होती, ‘मुलांवर चुकीचे संस्कार होतील.’ चिठ्ठी लावणाऱ्यांच्या हेतूबद्दल मला जराही शंका नाही. मुलांचं भलं व्हावं असंच त्यांना वाटतं. पण परत आलेल्या पुस्तकांचे कोपरे दुमडले होते, पानांवर बोटांचे डाग होते, एकाची पिन निघाली होती. शाळेने ठेवून घेतलेली पुस्तकं पुढे मी कपाटात पाहिली, ती दुकानातून आली तशी करकरीत होती. कोणती पुस्तकं वाचली गेली हे वेगळं सांगायला नको.

आपल्याला वाचायला येऊन इतकी वर्षं झाली की सुरुवातीला ते किती दमवणारं होतं हे आठवतच नाही. सात-आठ वर्षांचं मूल ओळीवर बोट ठेवून काना, मात्रा, वेलांटी सोडवत पुढे सरकतं. जोडाक्षर आलं की अडतं. ओळीच्या शेवटाला पोचेपर्यंत सुरुवातीला काय होतं ते निसटलेलं असतं, म्हणून पुन्हा मागे जातं. हे सगळं करून पान संपतं तेव्हा त्याच्या हाती काहीतरी लागायला हवं. आपल्या बहुतेक सोप्या पुस्तकांत त्याच्या हाती लागते ती एखादी सूचना, जी घरात आणि वर्गात त्याने सकाळपासून ऐकलेली असते. मग पुढचं पान उलटायला त्याच्याकडे कारण उरत नाही. ते आळशी नसतं. एवढ्या कष्टांचं मोल त्याला मिळालेलं नसतं.

आणि इथूनच दरी वाढत जाते. कीथ स्टॅनोविच या मानसशास्त्रज्ञाने १९८६ मध्ये हे फार स्पष्ट मांडलं होतं. ज्या मुलाला वाचन सोपं जातं ते जास्त वाचतं, जास्त वाचल्याने त्याचा वेग आणि शब्दसाठा वाढतो, म्हणून ते आणखी वाचतं. ज्याला अवघड जातं ते टाळतं, टाळल्याने मागे पडतं, मागे पडल्याने आणखी टाळतं. दुसरी-तिसरीत दोघांतलं अंतर बोटभर असतं, सातवीत ते हाताच्या बाहेर गेलेलं असतं. ही साखळी तोडायची तर टाळणाऱ्या मुलाला कसंही करून जास्त पानं वाचायला लावावी लागतात, आणि सक्तीने वाचलेल्या पानांचा उपयोग किती होतो हे शिक्षकांना मी काय सांगणार! मुलाने आपणहून उलटलेली पानं हवीत.

चौथीतल्या एका मुलाचं सांगते. तोंडी उत्तरं फटाफट द्यायचा, गणितात कुणाला ऐकायचा नाही, पण पुस्तक उघडलं की त्याला तहान लागायची, पोटात दुखायचं, दप्तरात काहीतरी शोधायचं असायचं. वाचायला उभं केलं तर शेजारच्याच्या ओठांकडे बघत पुटपुटायचा. त्या सुमारास मी आणि माझ्या एका मैत्रिणीने घरीच एक आठ पानी पुस्तक केलं होतं, साधे कागद दुमडून, मधे दोन पिना मारून. गोष्ट अशी की हत्तीने खूप कवठं खाल्ली आणि त्याच्या पोटात गुडगुड सुरू झाली. माकड म्हणालं, थांब, मी झाडावर चढतो. उंदीर म्हणाला, थांब, मी बिळात शिरतो. दर पानावर एकेक प्राणी आडोसा शोधतो आणि खाली तीच ओळ येते, ‘हत्ती म्हणाला, आता राहवत नाही.’ शेवटून दुसऱ्या पानावर, अख्खं पान भरून, एकच शब्द. पुर्रर्रर्र! शेवटच्या पानावर हत्तीची भलीमोठी लीद आणि तिच्यातून वर आलेलं कवठाचं कोवळं रोप.

मुलगा ‘आता राहवत नाही’पर्यंत अडखळत आला. ती ओळ तिसऱ्यांदा आली तेव्हा त्याने बोट न ठेवता म्हटली. मग पान उलटलं आणि तो थांबला. र वाचता येत होता, पण त्याच्या डोक्यावरचा रफार त्याला पहिलीपासून चकवत आला होता. ‘हे वर काय आहे?’ त्याने विचारलं. वाचताना अडल्यावर त्याने कधी काही विचारलं नव्हतं, तो गप्प बसायचा. मी सांगितलं, वर बसलेला र आधी म्हणायचा, खालचा नंतर. त्याने हळूच म्हणून पाहिलं. मग जोरात म्हटलं. आणि वर्गात जे हसू फुटलं ते थांबेना. त्याने ते पुस्तक लगेच दुसऱ्यांदा वाचलं, मग दुसऱ्या बाकावर जाऊन तिथल्या मुलांना वाचून दाखवलं. सुटीत तो दाराशी उभा राहून वर बघत होता. दारावर ‘वर्ग चौथा’ असं रंगवलेलं होतं. ‘ताई, इथंपण पुर्रर्रवाला र आहे!’

त्या एका पुस्तकाने तो वाचणारा मुलगा झाला असं मी म्हणणार नाही. पण रफार त्या दिवशी कायमचा आला, आणि अडलं तर विचारायचं असतं हेही आलं. सरावाच्या वहीत ‘सूर्य, पर्वत, गर्व’ असे शब्द त्याने कितीदा उतरवले होते. तिथे ते चिन्ह चुकलं काय आणि बरोबर आलं काय, त्याला फरक पडत नव्हता. इथे ते सोडवल्याशिवाय गंमत कळणार नव्हती.

मुलांना याचंच हसू का येतं, हेही समजून घेण्यासारखं आहे. बाळाला कशाचीच किळस नसते, ते हाती येईल ते तोंडात घालतं. किळस आपण त्याला शिकवतो. शी-शू कुठे करायची, नाकात बोट घालायचं नाही, ढेकर दाबायची, हे नियम त्याने नुकतेच, मोठ्या मेहनतीने अंगी बाणवलेले असतात. पाच ते नऊ वर्षांच्या मुलाला ते नियम पक्के माहीत असतात, म्हणूनच पुस्तकातला राजा दरबारात पादला की ते गडाबडा लोळतं. विनोदाचा अभ्यास करणाऱ्या पीटर मॅकग्रॉ आणि केलब वॉरन यांनी २०१० मध्ये मांडलं की नियम मोडला जातो आहे आणि तरी कुणाला इजा नाही, हे दोन्ही एकदम जाणवलं की माणूस हसतो. जे मूल पुस्तकातल्या पादण्याला हसतं, त्याला चारचौघांत पादू नये हे कळलेलं असतं. ते कळलं नसतं तर त्याला त्यात हसण्यासारखं काही दिसलंच नसतं. त्यामुळे ‘संस्कार बिघडतील’ या काळजीवर मी जास्त लिहीत नाही. हसू हे संस्कार रुजल्याचंच लक्षण आहे.

ही काही परदेशातून आलेली टूम आहे असंही कुणी मानू नये. मराठी मूल आयुष्यात पहिली गोष्ट ऐकतं त्यातच काऊचं घर शेणाचं असतं. गोल करून बसलेल्या पोरांमध्ये चोर शोधायचा ‘आदा पादा’ हा खेळ आपल्या आज्यांच्याही लहानपणी होता. ‘पादा पण नांदा’ असं म्हणणारी आपली भाषा आहे. सगळ्यांत मोठं सुख कोणतं, या बादशहाच्या प्रश्नाचं उत्तर बिरबल त्याला पोट मोकळं झाल्यावर पटवून देतो, ही गोष्ट घराघरांत सांगितली जाते. ओसरीवर, शेतात, अंथरुणात पडल्या पडल्या हे सगळं चालत आलं. पुस्तकात छापायची वेळ आली की मात्र आपण ते गाळतो. त्यामुळे ज्या मुलाच्या घरात पुस्तकं नाहीत पण गोष्टी आहेत, त्याला शाळेतलं पुस्तक परक्याचं वाटतं. त्याला ज्यात गंमत वाटते ते तिथे कुठेच नसतं.

बाहेरच्या देशांत हे छापलं गेलं तेव्हा काय झालं तेही पाहा. जपानमध्ये तारो गोमी यांचं, सगळे प्राणी शी करतात एवढंच सांगणारं चित्रपुस्तक १९७७ मध्ये आलं आणि जगभर पोचलं. जर्मनीत १९८९ मध्ये एका चिचुंदरीसारख्या प्राण्याची गोष्ट आली. त्याच्या डोक्यावर कुणीतरी घाण केलेली असते आणि ती कुणाची हे तो दारोदार विचारत फिरतो. प्रत्येक प्राणी आपली शी दाखवून ‘माझी ही अशी असते’ म्हणून सिद्ध करतो. या पुस्तकाचे चित्रकार वोल्फ एर्लब्रुख यांना २००६ मध्ये बालसाहित्यातला सर्वोच्च मानला जाणारा हान्स ख्रिश्चन अँडरसन पुरस्कार मिळाला. त्या पुस्तकात बकरीच्या लेंड्या, घोड्याची लीद आणि गाईचं शेण यांतला फरक इतक्या नेमकेपणाने काढला आहे की निरीक्षण शिकवायला दुसरं पुस्तक लागू नये.

पुन्हा जपानचंच सांगते, कारण तिथली लिपी शिकणं आपल्या जोडाक्षरांपेक्षा कितीतरी कठीण आहे. तिथे प्राथमिक शाळेत मुलांना हजाराहून जास्त कांजी अक्षरं गिरवावी लागतात. २०१७ मध्ये एका प्रकाशकाने सरावाच्या अशा वह्या काढल्या की प्रत्येक अक्षरासाठी तीन वाक्यं, आणि झाडून सगळ्या वाक्यांत गू. त्या वेळच्या १००६ अक्षरांसाठी ३०१८ वाक्यं. लाखांनी वह्या खपल्या. ज्या सरावासाठी आईवडिलांना मुलांच्या मागे लागावं लागे तो सराव मुलं आपणहून करू लागली. आणि अमेरिकेत बालपुस्तकांचे लेखक-चित्रकार डेव्ह पिल्की यांना लहानपणी अक्षरं ओळखायला त्रास होई, एका जागी बसवत नसे. वर्गाबाहेर उभं केलं जाई तेव्हा तिथे बसून ते चित्रं काढत. दुसरीत असताना सुचलेला चड्डीवाला महावीर त्यांनी १९९७ मध्ये पुस्तकात आणला, तोच ‘कॅप्टन अंडरपँट्स’. २०१२ आणि २०१३ या दोन्ही वर्षी अमेरिकन लायब्ररी असोसिएशनच्या, सर्वाधिक आक्षेप घेतल्या गेलेल्या पुस्तकांच्या यादीत ही मालिका पहिल्या क्रमांकावर होती. म्हणजे काळजी करणारे पालक सगळीकडे आहेत. पण तिथल्या ग्रंथपालांनी ती पुस्तकं फळीवर ठेवण्याचा आग्रह सोडला नाही, आणि वाचायला नको म्हणणारी कितीतरी मुलं त्याच पुस्तकांवर वाचायला शिकली.

आता जिथे मला खरी काळजी वाटते तिकडे वळते, आणि इथे प्रकाशकांनी माझं जरा नीट ऐकावं.

घाण आपल्या समाजात सगळ्यांना सारखी वाटून दिलेली नाही. आपल्याकडे माणसांच्या एका मोठ्या समूहावर पिढ्यानपिढ्या दुसऱ्यांचा मैला उचलायची सक्ती झाली आणि त्याच कारणाने त्यांना अस्पृश्य ठरवलं गेलं. हाताने मैला साफ करायला लावण्याविरुद्धचा कडक कायदा २०१३ चा आहे, आणि तरी गटारात गुदमरून माणसं मरतात. याच पुण्यात १८४८ मध्ये भिडे वाड्यात मुलींची शाळा सुरू झाली, आणि तिथे शिकवायला निघालेल्या सावित्रीबाईंच्या अंगावर लोकांनी शेण फेकलं. त्या शेणाला कुणी हसू शकत नाही. माझ्या तासाला बसणाऱ्या मुलांमध्ये कचरा वेचणाऱ्या आयांची मुलं आहेत. १९९३ मध्ये याच शहरात कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत उभी राहिली ती अशा बायकांच्या कामाला मान मिळावा म्हणून. त्या मुलांपैकी एखाद्याने पुस्तक उघडावं आणि त्यात कचरा गोळा करणाऱ्या बाईला वास येतो म्हणून सगळे नाक धरतात असं चित्र असावं, हे मला कदापि चालणार नाही. ‘घाणेरडा’, ‘शेंबडा’, ‘वास मारतो’ हे शब्द वर्गात कुणाला उद्देशून वापरले जातात हे शिक्षकांना माहीत आहे. ते पटकन जाऊन गरिबाच्या, काळ्यासावळ्या, वस्तीतल्या मुलाला चिकटतात.

म्हणून माझी कसोटी एकच आहे. हसू शरीराचं असावं, माणसाच्या पायरीचं नसावं. शरीर राजालाही आहे, हेडमास्तरांनाही आहे, हत्तीलाही आहे. पोटात वायू सगळ्यांच्या होतो. निरोगी माणसाच्या नाकाघशात रोज साधारण लिटरभर शेंबूड तयार होतो, त्यातला बहुतेक आपण नकळत गिळतो, आणि यातून शिक्षणमंत्रीही सुटलेले नाहीत. हे वर्गात सांगितलं की क्षणभर सगळे सारखे होतात. पाटील शेणावरून घसरतात तेव्हा मुलं का हसतात? कारण रोज ज्याच्यापुढे मान खाली घालायची तो माणूस थोडा वेळ जमिनीवर आला. पण त्याच शेणात घरकामाच्या बाईंना पाडून बघा, माझ्या तासातली निम्मी मुलं गप्प होतील. मॅकग्रॉ-वॉरन म्हणतात ती ‘कुणाला इजा नाही’ ही अट इथे मोडते. जाड मुलगा, लंगडा म्हातारा, अंथरूण ओलं करणारं मूल, यांना हसण्याचं कारण बनवणारी पुस्तकं शाळांनी जरूर परत पाठवावीत. त्या चिठ्ठीवर मीही सही करीन.

अंथरूण ओलं करण्याचा विषय निघाला म्हणून सांगते. आपल्या कितीतरी शाळांत मुली सकाळपासून पाणी पीत नाहीत, कारण शाळेच्या संडासात जायला नको वाटतं. भर वर्गात उठून ‘बाई, जाऊ का?’ म्हणायला लाज वाटून चड्डीत करणारी मुलं दर वर्षी दिसतात, आणि तो प्रसंग त्यांना पुढे वर्षानुवर्षं छळतो. राष्ट्रीय जंतनाशक दिनाला शाळेत गोळी मिळते, पण जंत कुठे असतात, कसे येतात, हे विचारायला मुलं लाजतात. ज्या गोष्टीवर सगळ्यांनी मिळून मोकळं हसून घेतलं आहे तिच्याबद्दल बोलायला जीभ अडखळत नाही. आमच्या तासात शी-शूच्या गोष्टी वाचल्या गेल्यावर मुली संडासाला कडी नसल्याची तक्रार घेऊन आल्या. तोवर ती कुणीच केली नव्हती.

मुलींचं आणखी एक. असली पुस्तकं मुलग्यांसाठी असतात असं दुकानातही गृहीत धरतात. अप्पा बळवंत चौकात एका दुकानात मी पाहिलं, मुलीने शेंबड्या राक्षसाचं पुस्तक उचललं तर आईने ते हातातून काढून घेतलं, ‘मुलीच्या जातीला हे शोभतं का?’ आणि तिच्या भावाला मात्र तेच घेऊन दिलं. मुली तितक्याच जोरात हसतात. पुस्तकांच्या मुखपृष्ठांवर, चित्रांत, गोष्टीच्या मध्यभागी मुली आणा. ढेकर देणारी राणी आणा.

लिहिणाऱ्यांनी हे काम हलकं समजू नये, ही माझी कळकळीची विनंती. शिळ्या गोष्टीला वरून पादाची फोडणी दिली म्हणून ती ताजी होत नाही. आत्ता बाजारात मिळणारी काही भाषांतरित पुस्तकं मी वाचली आहेत. त्यांत पानोपानी चिकट हिरवं काहीतरी ओघळत असतं, पण गोष्ट नसते, आणि मुलं तिसऱ्या पानावर कंटाळतात. हसू यायला वाट पाहायला लावावी लागते. हत्तीला राहवत नाही हे पानामागून पान सांगितल्याशिवाय पुढच्या पानावरच्या आवाजाला अर्थ येत नाही. ती वाट मुलाला वाचावी लागते, तिथेच वाचन घडतं. वाक्यं लहान असावीत, एखादी ओळ पुन्हा पुन्हा यावी म्हणजे अडखळणाऱ्या मुलाला मधेमधे जिंकल्यासारखं वाटतं. नवं जोडाक्षर गमतीच्या जागीच आणावं. आपल्या भाषेत आवाजाच्या शब्दांना काय तोटा! पचकन, फुस्स, भळाभळा, गुडगुड, फदफद, लिबलिबीत, बुळबुळीत. अक्षर मोठं ठेवा, ओळींमध्ये जागा सोडा, आणि निम्मी गोष्ट चित्रकाराला सांगू द्या. या शहरात माधुरी पुरंदरे लहान मुलाच्या घरातल्या अगदी साध्या गोष्टी किती ताकदीने लिहितात आणि काढतात ते आपण पाहिलं आहे. तीच ताकद एका शिंकेवर लागली तर काय होईल!

आणि सगळं काल्पनिकच हवं असंही नाही. ऑस्ट्रेलियातल्या वॉम्बॅट या प्राण्याची शी ठोकळ्याच्या आकाराची असते. झाडावर लटकून राहणारा संथ स्लॉथ आठवड्यातून साधारण एकदाच त्यासाठी झाडावरून खाली उतरतो. शेणाचे गोळे ढकलत नेणारा शेणकिडा रात्री आकाशगंगेचा पट्टा बघून आपली दिशा सरळ ठेवतो, हे २०१३ मध्ये शास्त्रज्ञांनी दाखवून दिलं. शेणकिड्याचं मी सांगितलं तेव्हा एका मुलीने वर बघत विचारलं, ‘म्हणजे त्याला शाळेत न जाता कळतं?’ विज्ञानाची अशी सोळा पानी मराठी पुस्तकं मला हवी आहेत, आणि ती मला बाजारात सापडत नाहीत.

महाराष्ट्रातल्या मुलांनी काय वाचायचं हे पुष्कळसं पुण्यात ठरतं. सेनापती बापट रस्त्यावर बालभारती आहे, १९७१ पासून मुलांचं ‘किशोर’ मासिक तिथून निघतं. राज्य शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषद सदाशिव पेठेत आहे. गावोगावच्या शाळांची पुस्तकं अप्पा बळवंत चौकातल्या दुकानांतून जातात. २०२१ मध्ये सुरू झालेल्या निपुण भारत अभियानाने तिसरीपर्यंत प्रत्येक मुलाला समजून वाचता यावं यासाठी २०२६-२७ ही मुदत घातली आहे. त्यासाठी चाचण्या होतात, तक्ते भरले जातात, प्रशिक्षणं होतात. हे सगळं चालू राहूदे. पण वाचायला शिकलेल्या मुलाच्या हाती संध्याकाळी घरी काय द्यायचं, हा प्रश्न तक्त्याने सुटणार नाही, तो तुम्हीच सोडवायचा आहे.

तर प्रकाशकांनी एवढं करावं. अशा चार-पाच गोष्टी चांगल्या लेखकांकडून मागवून घ्या, आणि छपाईला जाण्याआधी कच्ची प्रत पहिली-दुसरीच्या वर्गात मुलांना वाचायला द्या. तुम्ही वाचून दाखवू नका, त्यांनाच वाचू द्या, आणि ती कुठे अडतात, कुठे हसतात, कुठे पान न उलटता खिडकीबाहेर बघतात ते लिहून घ्या. यासाठी वर्ग हवा असेल तर आमच्या तासाला या. किंमत अशी ठेवा की वस्तीतल्या आईला वडापावच्या पैशांत ते घेता येईल. जाड कागद आणि गुळगुळीत मुखपृष्ठ नसलं तरी चालेल, दोन पिनांचं पुस्तकही मुलं फाटेपर्यंत वाचतात. डिसेंबरात फर्ग्युसनच्या मैदानावर पुस्तक महोत्सव भरेल तेव्हा ही पुस्तकं सगळ्यांत खालच्या फळीवर मांडा, मुलाचा हात जिथे पोचतो तिथे.

आणि शाळांच्या समित्यांनी पुस्तक नाकारण्याआधी ते चार मुलांना वाचायला द्यावं, त्यांत एक तरी असं असावं ज्याला वाचायला आवडत नाही. समितीच्या बैठकीला पाचवी-सहावीतली दोन मुलं बसवा आणि त्यांचं म्हणणं इतिवृत्तात लिहा. पुस्तक परत पाठवायचंच ठरलं तर ‘चुकीचे संस्कार’ एवढ्यावर न थांबता कुणाचा अपमान होतो, कुठल्या पानावर, कसा, हे चिठ्ठीत लिहा. तसं लिहिता आलं नाही, तर पुस्तक कपाटात राहू द्या आणि कपाटाला कुलूप लावू नका.

आपली,
वाचनाचे तास घेणारी एक कार्यकर्ती
पर्वती, पुणे